इचारल्याबिगर कोण सांगतंय!

उन्हाळ्यात रेणापूरला माळवदावर अंथरुणं पडली की बहात्तरचा दुष्काळ निघायचाच. त्या साली आज्जी तान्ह्या आत्याला झोळीत टाकून खडी फोडायला जायची. घामानं हातोडी निसटू नये म्हणून दांड्याला चिंधी गुंडाळलेली. लेकरांना सुकडी मिळायची आणि घरी तांबड्या मिलोची भाकरी. "जवारीची भाकर कशी हातावर नाचती. ही मेली थापतानाच फाटायची," असं म्हणून ती अंधारात दोन्ही तळवे फिरवून दाखवायची.

आजोबांच्या गोष्टी तंबूतल्या सिनेमाच्या. पिक्चरच्या आधी फिल्म्स डिव्हिजनचं समाचारचित्र लागायचं. धरण, मंत्री, ट्रॅक्टर आणि वरून भारदस्त हिंदी आवाज. ही संस्था 1948 सालची. त्याच साली सप्टेंबरात मराठवाडा निजामाच्या राज्यातून सुटला, म्हणून आजोबांना तिचं भारी कौतुक. एका रात्री ते म्हणाले, "दुष्काळाची कामंबी दाखवली हुती. बाया वळीनं बसून खडी फोडत्यात."

आज्जीनं विचारलं, "मग काय बोलल्या त्या?"

"त्या कशाला बोलतील? त्या कामावर हुत्या. बोलणारा येगळा."

हा 'येगळा बोलणारा' किती वर्षं आपल्या पडद्यावर बसून होता, ते मला दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांच्या कामाकडे पाहताना उमगलं. 1943 साली पुण्यात जन्मलेल्या भावे सिनेमा शिकलेल्या नव्हत्या. मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत त्यांनी ग्रामीण कल्याणाचा अभ्यास केला, दिल्लीच्या आकाशवाणीवरून मराठी बातम्या वाचल्या, कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवलं. म्हणजे 'येगळा बोलणारा' होण्याची सगळी तयारी झालेली! पण वस्तीतल्या बायका स्वतःकडे कशा पाहतात, याचा अभ्यास करताना त्यांना एक गोष्ट टोचली. ज्यांच्यावर अहवाल लिहायचा, त्यांनाच तो वाचता येणार नव्हता. त्यांच्यापर्यंत पोचायचं तर चित्र हवं आणि आवाज हवा. त्यातून 1985 साली 'बाई' झाला. पाठोपाठ 1987 साली 'पाणी' आला. दोन्ही लघुपटांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले.

'बाई'पासून सुनील सुकथनकर सोबतीला आले आणि जोडी शेवटपर्यंत टिकली. पन्नासावर लघुपट, मालिका आणि 'दोघी'पासून पुढचे चित्रपट. लेखन भावेंचं, दिग्दर्शनात दोघं, गाणी बहुतेक सुकथनकरांची. कपडेपट आणि कलादिग्दर्शनातही भावेंचा हात. विषय तरी किती! 'दोघी'त दुष्काळी गावातल्या घराची वाताहत, 'देवराई'त स्किझोफ्रेनिया, 'अस्तु'मध्ये स्मृतिभ्रंश. 'कासव'मध्ये नैराश्यानं मिटलेला पोरगा आणि किनाऱ्यावर अंडी घालून जाणारी कासवीण. 2016 सालचा सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून 'कासव'ला सुवर्णकमळ मिळालं. पण विषय कुठलाही असो, आधी त्या माणसाचं ऐकून घ्यायचं, ही समाजकार्यातली सवय त्यांनी सोडली नाही. त्यांच्या अष्टपैलूपणाचं मूळ मला तरी या एका सवयीत दिसतं. 19 एप्रिल 2021 ला त्या गेल्या.

त्याआधी पाचच वर्षं, एप्रिल 2016 च्या दुष्काळात, मिरजेहून पाण्याची रेल्वे आमच्या लातूरला आली. पहिल्या खेपेला दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर. स्टेशनात माणसांपेक्षा कॅमेरे जास्त. रेणापूरला आज्जी टीव्हीसमोर बसली होती. वाघिणी दिसल्या, पुढारी दिसले, रिकाम्या घागरींची रांग दिसली आणि निवेदक बोलत राहिला. आज्जी म्हणाली, "घागरवालीला इचारलं का रं कुणी?"

मी म्हटलं, "तूच सांग की, बहात्तरचं. रेकॉर्ड करतो."

"आता? तोंडात दात न्हाईत माझ्या. आन् इचारल्याबिगर कोण सांगतंय? इतकी वर्सं इचारलं न्हाईस."

विचारलं नव्हतं, हे खरंच. ती सांगायची आणि आम्ही ऐकता ऐकता झोपून जायचो. दिवाळीला नीट बसून रेकॉर्ड करू, असं ठरवलं. दिवाळीच्या आधीच ती गेली.

माझ्या फोनमध्ये आज्जीचे दीडशे फोटो आहेत. आवाज अकरा सेकंदांचा आहे. त्यात ती एवढंच विचारते, "जेवलास का रं?"