वर्धेचे शेठ जमनालालजी बजाज आणि मंदिराचे उघडे दार

आपल्या गावच्या मंदिराचा जीर्णोद्धार लहानथोरांच्या देणगीतून पार पडला, ही मोठ्या समाधानाची गोष्ट आहे. या मंगल प्रसंगी शेजारच्या वर्धा जिल्ह्यातील एका दानशूर व्यापाऱ्याचे स्मरण करणे उचित वाटते.

जमनालालजींचा जन्म ४ नोव्हेंबर १८८९ रोजी राजस्थानातील सीकरजवळच्या काशी-का-बास या खेड्यात झाला. वर्धेचे कापसाचे व्यापारी शेठ बच्छराजजी यांनी त्यांना लहानपणीच नातू म्हणून दत्तक घेतले. जन्मदात्यांनी त्याबद्दल पैसा घेतला नाही. पाण्याची टंचाई असलेल्या गावासाठी विहीर मात्र मागितली, असे सांगतात. पुढे आजोबा एकदा संपत्तीवरून टोचून बोलले, तेव्हा सतरा वर्षांच्या या मुलाने संपत्तीवरील हक्क सोडल्याचे पत्र लिहून घर सोडले. आजोबांनी समजूत घालून परत आणले; परंतु ‘हे धन आपले नव्हे, आपण त्याचे केवळ विश्वस्त’ ही भावना त्यांच्या मनात कायमची रुजली.

इंग्रज सरकारने त्यांना मानद मॅजिस्ट्रेट नेमले, ‘रायबहादूर’ केले. १९२० च्या नागपूर काँग्रेसनंतर ते काँग्रेसचे खजिनदार झाले आणि असहकारात त्यांनी ती पदवी परत केली. १९२३ च्या नागपूर झेंडा सत्याग्रहात त्यांनी तुरुंगवास सोसला. महात्माजी वर्धेस आले व पुढे १९३६ साली सेवाग्रामी राहिले, त्यामागेही जमनालालजींचाच आग्रह होता.

परंतु त्यांची खरी कसोटी घरच्याच देवळात लागली. वर्धेचे लक्ष्मीनारायण मंदिर बजाज घराण्याचे. तेथे अस्पृश्य मानलेल्या बांधवांना प्रवेश नव्हता. सनातनी मंडळींचा रोष पत्करून, विश्वस्तांचे मन वळवून, त्यांनी जुलै १९२८ मध्ये ते मंदिर सर्वांना खुले केले. आपल्या विहिरीही खुल्या केल्या. पैसा देणे त्यांना सोपे होते. आपल्याच माणसांची नाराजी ओढवून घेणे सोपे नव्हते.

११ फेब्रुवारी १९४२ रोजी त्यांचे वर्धेस निधन झाले.

अस्पृश्यता १९५० पासून राज्यघटनेनेच नष्ट केली आहे. परंतु कायद्याने दार उघडते, माणसाला आत बोलावणारा माणूसच लागतो. पंगतीत, पालखीला खांदा देताना, गाभाऱ्यापुढे उभे राहताना गावातील एकही माणूस मागे राहू नये, हे पाहणे आपणा सर्वांचे काम आहे. दगड-चुन्याचा जीर्णोद्धार झाला. हा दुसरा जीर्णोद्धार रोज करावा लागेल.