गांधारपाल्याची ओवरी

माझी सगळ्यात जास्त चाललेली रील खोटी होती. महाडजवळ गांधारपाल्याच्या लेण्यांतल्या एका खोलीत बसून मी तोंड मिटून 'म्मऽऽ' केलं, खोली घुमली, आणि त्यावर मी मोठ्या अक्षरांत लिहिलं : '११० हर्ट्झ! दोन हजार वर्षांपूर्वीचं ध्वनिशास्त्र!' खोली खरी, घुमणंही खरं. आकडा मात्र मी मोजलाच नव्हता.

तो मी उचलला होता. १९९६ मध्ये पॉल डेव्हरो आणि रॉबर्ट जान यांच्या गटाने ब्रिटन-आयर्लंडमधली काही प्राचीन दगडी दालनं मोजली. ती ९५ ते १२० हर्ट्झच्या दरम्यान घुमत होती, बरीचशी ११० च्या आसपास. पुढे इंटरनेटने हा आकडा दिसेल त्या गुहेला चिकटवला. त्यातली एक मी चिकटवली.

मी पोलादपूरचा. मुंबईच्या एसटीतून महाड मागे पडलं की डोंगरात काळी भोकं दिसतात, ती ही लेणी. आणि दगडातल्या आवाजाचं वेड आम्हाला शाळेपासूनचं. सहलीला रायगडावर नेतात, तिथे राजसदरेत सिंहासनाच्या जागेपाशी काडी ओढली की पार नगारखान्यापाशी ऐकू येते. गाइड हे दाखवतो आणि पोरं टाळ्या वाजवतात. कसं होतं ते कोणी विचारत नाही. मीही विचारलं नव्हतं.

रीलवर एकाने विचारलं, 'मोजलंस कशाने?' उत्तर नव्हतं. मग एका रविवारी टेप घेऊन परत गेलो.

आधी फोनवरून सूर वाजवायला गेलो आणि फसलो. एवढ्याशा स्पीकरमधून २०० हर्ट्झच्या खालचं जवळजवळ काही निघतच नाही. म्हणजे साधन एकच, आपला गळा. फोन फक्त ऐकायला ठेवला.

खोली साधारण सात फूट लांब. एका भिंतीला दगडी ओटा, भिक्षूच्या झोपण्याचा. गणित अकरावीतलं आहे : आवाज सेकंदाला सुमारे ३४५ मीटर जातो, त्याला खोलीच्या दुप्पट लांबीने भागा. ८० हर्ट्झ. हा सूर माझ्या गळ्याच्या खाली जातो, पण त्याची दुप्पट, १६०, सहज लागते. खालून सूर चढवत गेलो आणि १६० च्या जवळपास खोली भरून आली, छातीत थरथर जाणवली. मधोमध बसलो तर घुमतं, तिथून पावणेदोन फूट भिंतीकडे सरकलो तर विझतं, भिंतीला कान लावला की पुन्हा मोठं. ११० ला काहीच नाही.

कल्पित जगांच्या गोष्टींत गुहेतले स्फटिक गातात. इथे दगड गात नाही, तो बेसॉल्ट गप्प असतो. गाते मधली हवा. दगड फक्त आवाज शोषत नाही, परत फेकतो. तुमचं बाथरूमही हेच करतं.

मग ही खोली सात फुटांची का? ध्वनीसाठी नव्हे. माणूस आडवा मावावा म्हणून. माणसाच्या मापाची दगडी खोली कोरली की तिचा नाद माणसाच्या गळ्याच्या आसपास येतोच, आयर्लंड असो की रायगड जिल्हा. मला हे त्या '११०'पेक्षा जास्त आवडलं, पण यावर रील चालत नाही.

लेण्यात ब्राह्मी लिपीतला प्राकृत शिलालेख आहे. कुमार कानभोज विष्णुपालित याने काय दान दिलं, तर लेणं, चैत्यगृह, आठ ओवरक, दोन्ही बाजूंना मिळून दोन पोढी म्हणजे पाण्याची टाकी, आणि लेण्यापर्यंतची वाट. बिलासारखी नोंद. ओवरक म्हणजे आपली ओवरी, देवळांतली. नादाबद्दल एक अक्षर नाही. पण पावसाळ्याचे महिने याच ओवऱ्यांत काढणाऱ्यांना, गांधारी-सावित्रीला पूर आलेला असताना रात्री पाठ म्हणणाऱ्यांना, आपली खोली कुठल्या सुराला भरते हे कळलं नसेल असं मला वाटत नाही. दाता मोजतो ओवऱ्या. राहणारा ऐकतो.

मोजून झाल्यावर मी त्या ओट्यावर टेकलो. दारातून एक आजी डोकावल्या, महाडहून सून-नातवंडांना घेऊन आलेल्या. "बाळा, तिथं नको बसू," म्हणाल्या. "बाबासाहेबांनी आपल्या माणसांना बसू दिलं नव्हतं."

घरी येऊन धनंजय कीरांचं चरित्र काढलं. १९२७, चवदार तळ्याच्या सत्याग्रहाचं वर्ष. महाडजवळची बौद्धकालीन लेणी पाहताना आंबेडकरांनी सहकाऱ्यांना भिक्षूंच्या आयुष्याबद्दल सांगितलं आणि त्या दगडी आसनांवर बसू नका म्हणून बजावलं, असं कीर लिहितात. मी तिथे टेप पसरून बसलो होतो.

नंतर बुद्धमूर्ती असलेल्या मोठ्या दालनात आजींनी त्रिसरण म्हटलं. ते दालन पन्नास फुटांहून रुंद. इतक्या मोठ्या जागेत एकच सूर उठून येत नाही, सगळेच सूर लांबतात आणि घाईने बोललं तर शब्द एकमेकांत मिसळतात. नातवंडं घाई करत होती. आजी मात्र प्रत्येक ओळीनंतर थांबत होत्या, आवाज पूर्ण विरेपर्यंत.

मी विचारलं, "आजी, मधे मधे थांबता का?"

"थांबायला लागतं रे," त्या म्हणाल्या. "नाही तर मागचं म्हणणं पुढच्यावर चढतं."

ती रील मी काढून टाकली.