‘म.’ म्हणजे मारिया नव्हे

आजचा विषय उत्तर ध्रुवाकडचा असला तरी सुरुवात आपल्या बिरवाडीच्या शेजारून करू. 1733 साली श्रीपतराव प्रतिनिधींनी सिद्दीकडून रायगड परत मिळवला. पुढे एप्रिल 1736 मध्ये चिमाजी अप्पांनी रेवसजवळ सिद्दी सातला गाठलं, आणि तो लढाईत पडला. हे साल लक्षात ठेवा, 1736.

त्याच साली सायबेरियात ओलेन्योक नदीच्या मुखाशी एक जहाज बर्फ सुटायची वाट बघत थांबलं होतं. जहाजाचं नाव ‘याकुत्स्क’. त्याचा कमांडर रशियन नौदलातला लेफ्टनंट वासिली प्रोंचिश्चेव्ह. जन्म 1702 चा, शिक्षण मॉस्कोच्या गणित आणि नौकानयन शाळेत. बेरिंगच्या मोठ्या मोहिमेत त्याला काम मिळालं होतं, लेना नदीच्या मुखापासून पश्चिमेला येनिसेईपर्यंतचा किनारा नकाशावर आणायचा. त्या किनाऱ्याचा धड नकाशाच तोवर नव्हता. 1735 मध्ये पन्नासेक माणसं घेऊन तो याकुत्स्क गावाहून लेना नदीतून खाली निघाला. जहाजाला गळती लागली, म्हणून हिवाळा ओलेन्योकला काढावा लागला.

या जहाजावर त्याची बायकोही होती. तात्याना, वय तेवीस. 1733 मध्ये लग्न झालं आणि ती नवऱ्याबरोबर निघाली. मोहिमेत तिला हुद्दा नव्हता की काम नेमून दिलेलं नव्हतं. हिवाळा, उपासमार, थंडी मात्र सगळ्यांइतकीच वाट्याला आली.

1736 च्या उन्हाळ्यात जहाज तैमिर द्वीपकल्पाच्या पूर्व किनाऱ्याने वर सरकलं. खोली मोजायची, सूर्याचा कोन घ्यायचा, किनारा कागदावर उतरवायचा, असं करत ते 77 अंश उत्तरेच्याही पुढे गेले. मग समोर नुसता बर्फ, आणि माघारी फिरावं लागलं. ओलेन्योकला पोचता पोचता, 9 सप्टेंबरला, प्रोंचिश्चेव्ह गेला. चौदा दिवसांनी तात्यानाही गेली. दोघांना तिथेच शेजारी शेजारी पुरलं. तो स्कर्व्हीने गेला असं दोन-अडीचशे वर्षं सांगितलं जायचं. 1999 मध्ये कबर उघडून तपासणी झाली, तेव्हा कळलं की त्याचा पाय मोडला होता आणि मरणाचं कारण तेच ठरलं.

सहकारी चेल्युस्किन पुढे 1742 मध्ये कुत्र्यांच्या गाडीने त्या भूमीच्या उत्तर टोकापर्यंत गेला. आज ते टोक त्याच्या नावाने ओळखलं जातं.

आणि तात्याना? तिच्या स्मरणार्थ एका भूशिराला नाव दिलं गेलं, ‘म. प्रोंचिश्चेवा’. रशियनमध्ये भूशिराला ‘मिस’ म्हणतात, त्याचा हा ‘म’. नंतरच्या कुणीतरी तो ‘मारिया’ असा वाचला. त्यामुळे शेजारच्या उपसागराचं नाव पडलं मारिया प्रोंचिश्चेवा, आणि नकाशावर ते आजही तसंच आहे. तिचं खरं नाव विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जुन्या कागदांतून बाहेर आलं. म्हणजे ध्रुवीय मोहिमेवर गेलेली ही पहिली बाई जगाला ठाऊक झाली ती दुसऱ्याच नावाने.

हे का झालं? ज्याला काम नेमून दिलेलं असतं त्याचीच कागदावर नोंद होते. तात्याना तिथे होती ती कुणाची तरी बायको म्हणून.

आता डिसेंबर 1983 कडे या. गोव्याहून भारताची तिसरी अंटार्क्टिका मोहीम निघाली. तिच्यात पहिल्यांदाच दोन भारतीय स्त्रिया होत्या, भूगर्भशास्त्रज्ञ सुदीप्ता सेनगुप्ता आणि सागरशास्त्रज्ञ अदिती पंत. अदितीताईंचा जन्म 1943 चा, नागपूरचा. त्या पुणे विद्यापीठात शिकल्या, मग हवाईला गेल्या, लंडनला समुद्री शेवाळांवर पीएच.डी. केली आणि गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत रुजू झाल्या. बर्फाळ समुद्रातल्या अन्नसाखळीचा अभ्यास हे मोहिमेतलं त्यांचं काम होतं. याच मोहिमेत ‘दक्षिण गंगोत्री’ हे भारताचं तिथलं पहिलं केंद्र उभं राहिलं.

त्या अप्पासाहेब पंतांच्या कन्या, औंधच्या प्रतिनिधी घराण्यातल्या. ज्या घराण्यातल्या श्रीपतरावांनी आपला रायगड परत मिळवला, तेच हे घराणं. पण मोहिमेच्या यादीत अदिती पंत हे नाव आलं ते घराण्यामुळे नव्हे, कामामुळे. म्हणून ते चुकीचं वाचलं जाण्याची भीती नाही.

तेव्हा मंडळी, पुढे कधी तैमिरचा नकाशा समोर आला आणि ‘मारिया’ दिसली, तर मनातल्या मनात तिथे ‘तात्याना’ वाचा.