दहिहांड्याचं मीठ, पुसदचं गवत

6 एप्रिल 1930 रोजी गांधीजींनी दांडीच्या किनाऱ्यावर मीठ उचललं, हे प्रत्येकाला शाळेपासून पाठ असतं. त्यानंतर आठवड्याभरात, 13 एप्रिलला, वऱ्हाडानेही मिठाचा कायदा मोडला. जालियनवाला बागेचा तो स्मृतिदिन होता आणि जागा होती अकोला जिल्ह्यातलं दहिहांडा. इथून अरबी समुद्र चारशे किलोमीटरहून लांब आहे. ना खाडी, ना मिठागर. मीठ काढलं ते विहिरीतून.

स्वातंत्र्यलढ्याच्या पुस्तकांत ही गोष्ट एका ओळीत येते आणि लेखक पुढे निघून जातात. माझं मात्र तिथेच अडलं. तीन महिन्यांनी वऱ्हाडात जंगल सत्याग्रह उभा राहिला आणि सगळ्या महाराष्ट्रात पसरला, त्याचं मूळ मला या खाऱ्या विहिरीत दिसतं. सरकारची मालकी कशाकशावर चालते, हा आपल्या राजकीय विचारातला अवघड प्रश्न. तो दहिहांड्याला अर्धा विचारला गेला आणि यवतमाळकडच्या पुसदच्या गवतात पुरा झाला.

आधी विहिरीचं पाहू. सातपुड्याच्या पायथ्यापासून दक्षिणेला पूर्णेच्या दोन्ही काठांनी जी काळी, सपाट जमीन पसरली आहे, ती म्हणजे खारपाणपट्टा. अमरावती, अकोला आणि बुलडाणा मिळून नऊशेच्या आसपास गावं त्यात येतात. इथल्या विहिरीच्या पाण्यात डाळ शिजत नाही, साबणाला फेस येत नाही आणि ते पाणी शेताला दिलं तर काळी माती चिकट होऊन मरते. म्हणून नदी जवळ असूनही शेती पावसावर. कापूस, तूर, हरभरा. इथे पूर्वी समुद्र होता, असं गावोगाव सांगतात. ते मला पटत नाही. खाली दख्खनचा काळा पाषाण आणि वर नदीनेच आणून टाकलेला शेकडो फूट गाळ. खोरं खोलगट, निचरा मंद, ऊन कडक. पाणी उडून जातं आणि क्षार मागे राहतात, साठत जातात. समुद्राची गरजच नाही.

समुद्राशी नातं आहे, पण उलट्या दिशेने. पूर्णा तापीला मिळते आणि तापी सुरतेजवळ समुद्राला. दांडी त्याच किनाऱ्यावर, थोडी दक्षिणेला. गंमत अशी की दांडीजवळचं नवसारी ज्या नदीवर आहे, तिचंही नाव पूर्णाच. दोन्ही नद्या अगदी वेगळ्या, या नावावरून काही सिद्ध होत नाही. तरी नकाशा पाहताना बोट तिथे थांबतंच.

पूर्णाकाठी खाऱ्या विहिरींतून मीठ काढण्याचा उद्योग पूर्वी होता, इंग्रजी गॅझेटियरांत त्याची नोंद आहे. पुढे मिठाची सरकारी मक्तेदारी आली आणि तो संपला. 1930 मध्ये मिठावर मणाला सव्वा रुपया कर होता. पायाखाली खार आणि ताटात विकतचं, कर भरलेलं मीठ. म्हणून दहिहांड्याला जे झालं, त्याला दांडीची नक्कल म्हणणं चूक आहे. बंद पडलेला एक गावचा धंदा लोकांनी एका दिवसापुरता पुन्हा हातात घेतला. ब्रिजलाल बियाणी, वीर वामनराव जोशी ही त्या काळी वऱ्हाडच्या चळवळीतली आघाडीची माणसं.

आता माझा तर्क. समुद्रकाठी मीठ ऊन करतं. वाफ्यात पाणी अडवलं की काम झालं. विहिरीचं पाणी कढईत आटवावं लागतं. तासन् तास जाळ घालायचा, पाणी घटत जातं, कडेला पांढरट कड धरते, शेवटी तळाशी ओलसर थर उरतो. तो निव्वळ मिठाचाही नसतो, इतर क्षारांनी कडवट असतो. मूठभर मिठासाठी जाळ लागतो, जाळाला सरपण, आणि सरपण म्हटलं की समोर उभं राहतं जंगल खातं. किनाऱ्यावर एकच कायदा आडवा येत होता. वऱ्हाडात मिठाच्या कायद्याच्या मागे लगेच जंगलाचा कायदा दिसत होता.

वऱ्हाडातला वाचक इथे मला अडवेल: कढईखाली जंगलातलं लाकूड कशाला? एप्रिलमध्ये घरोघरी कपाशीच्या पऱ्हाट्यांचे आणि तुरीच्या तुराट्यांचे ढीग असतात. हरकत रास्त आहे. त्या दिवशी चुलीत पऱ्हाट्याच असतील. पण चूल रोज पेटते आणि पऱ्हाट्या वर्षभर पुरत नाहीत, हे त्याच वाचकाला माझ्याहून चांगलं माहीत आहे. शिवाय दुसरं कारण ऋतूचं. जूनमध्ये पाऊस लागला की विहिरीचं पाणी पातळ होतं, उघड्यावर चूल टिकत नाही. मिठाची चळवळ वऱ्हाडात पावसाळा ओलांडू शकत नव्हती. पावसात उगवेल असं काहीतरी हवं होतं. पावसात गवत उगवतं.

माझ्या या तर्काला दोन प्रतिस्पर्धी उपपत्ती आहेत. पहिली आंध्राची. गुंटूर जिल्ह्यातल्या पलनाडमध्ये 1921-22 मध्येच लोकांनी चराईचा कर नाकारला होता आणि त्यात कन्नेगंटी हनुमंतु गोळीला बळी पडले. म्हणजे कल्पना वऱ्हाडाच्या आधीची. मान्य. पण तिकडे कर न भरणं हे हत्यार होतं. वऱ्हाडात विळा घेऊन, आधी जाहीर करून, सरकारी गवत कापणं हे हत्यार झालं. एकात द्यायचं नाकारलं, दुसऱ्यात हात पुढे करून घेतलं.

दुसरी उपपत्ती जास्त वजनाची आहे. महात्मा फुल्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ 1883 मध्ये लिहिला, त्यात जंगल खात्याने गावची राने-कुरणे गिळल्याची आणि गरिबाच्या शेरडांना फिरायला जागा न उरल्याची तक्रार तिखट शब्दांत आहे. काँग्रेसही 1890 च्या दशकात या जाचावर ठराव करत होती. 1897 मध्ये तिचं अधिवेशन अमरावतीलाच भरलं, अध्यक्ष शंकरन नायर, स्वागताध्यक्ष दादासाहेब खापर्डे. तेव्हा दुखणं जुनं होतं, यात वाद नाही. माझा प्रश्न दुखण्याचा नाही, उपायाचा आहे. पन्नास वर्षं जे तक्रारीत आणि ठरावात अडकलं होतं, ते 1930 च्या पावसाळ्यात कृतीत का उतरलं? उत्तर दहिहांड्यात आहे. कायदा मोडण्याची सवय विहिरीवर लागली, मग हात गवताकडे गेला.

त्यात माणसांचाही भाग आहे. लोकनायक बापूजी अणे यवतमाळचे, टिळकांच्या परंपरेतले वकील. गांधीजींच्या मार्गाबद्दल या पंथाला शंका होत्या. कायदेमंडळात बसून जमेल तिथे सहकार, नाही तिथे विरोध, हे त्यांचं प्रतियोगी सहकाराचं धोरण. अशा माणसाला मिठापेक्षा गवत जवळचं वाटावं हे साहजिक. गवतात कायद्याचा मुद्दा होता, मालकीचा. मे 1930 मध्ये काँग्रेस कार्यकारिणीने जंगलाचे कायदे मोडायला संमती दिली आणि 10 जुलैला अण्यांनी पुसदजवळच्या राखीव जंगलात गवत कापलं. टिळकपंथाला गांधींच्या चळवळीत मान खाली न घालता येण्याचं दार त्या गवताने उघडलं, असं मी म्हणतो. पुढची घटना याला दुजोरा देते. 21 जुलैला त्याच टिळकपंथाच्या वळणातले, राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचे संस्थापक डॉ. हेडगेवार यांनी यवतमाळजवळ लोहाऱ्याच्या जंगलात सत्याग्रह केला आणि शिक्षा भोगली ती अकोल्याच्या तुरुंगात.

हेडगेवारांना कोणत्या कलमांखाली शिक्षा झाली, ते मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. त्यातलं एक भारतीय दंडविधानाचं 379 होतं, म्हणजे चोरी. मीठ बनवणारा कर चुकवत होता; गवत कापणारा चोर ठरत होता. आणि चोरी म्हटली की मालक कोण, हे सांगणं आलं. डोंगर कुणी लावला नाही, गवत कुणी पेरलं नाही, मग ते सरकारचं केव्हापासून? वऱ्हाडात तर या प्रश्नाला आणखी एक पदर होता. हा मुलूख कागदोपत्री निजामाचाच होता, 1853 मध्ये इंग्रजांकडे सोपवलेला, 1902 मध्ये कायमच्या भाडेपट्ट्याने घेतलेला. जंगलासाठी इथे 1886 चा वेगळा वऱ्हाड वनकायदा होता. म्हणजे भाडेकरू असलेलं सरकार गावकऱ्याला सांगत होतं की हे गवत माझं आहे, तुझी जनावरं कोंडवाड्यात जातील. या विसंगतीवर बोट ठेवायला इथल्या शेतकऱ्याला कुठल्या पाश्चात्य ग्रंथाची गरज नव्हती.

विहिरीचं आणखी एक कुळ आहे, ते सोडलं तर ही कथा लंगडी राहील. वऱ्हाडात ‘सत्याग्रह’ हा शब्द मिठाच्या आधी पाण्या-देवळाच्या निमित्तानेही ऐकू आला. मार्च 1927 मध्ये कोकणात महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह झाला. त्याच वर्षी 13 नोव्हेंबरला अमरावतीच्या इंद्रभुवन थिएटरात डॉ. आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली परिषद भरली, ती अंबादेवीच्या देवळात प्रवेशासाठीच्या सत्याग्रहाची होती. देवस्थानच्या पंचांना वेळ देण्यासाठी तो सत्याग्रह पुढे ढकलला गेला, पण प्रश्न गावात येऊन बसला. पाठोपाठ डॉ. पंजाबराव देशमुख अमरावती जिल्हा कौन्सिलचे अध्यक्ष झाले आणि त्यांनी सार्वजनिक विहिरी अस्पृश्यांना खुल्या केल्या. सार्वजनिक वस्तूवर कुणाचा हक्क, हा प्रश्न वऱ्हाडात आधी गोड्या विहिरीवर उभा राहिला, मग खाऱ्या. 1930 च्या सत्याग्रहींच्या मनात ही साखळी जुळलेली होती, असं मी ठामपणे मानतो. शेजारच्याच जिल्ह्यात, तीनच वर्षांत, विहिरी-देवळांवरून एवढं रण माजल्यावर दहिहांड्याची विहीर निवडणाऱ्याला ते आठवलं नसेल, हे शक्य वाटत नाही.

पुढे हे गवत सह्याद्रीपर्यंत गेलं. सांगलीकडे बिळाशी, रायगड जिल्ह्यात चिरनेर. चिरनेरला 25 सप्टेंबर 1930 रोजी गोळीबार झाला. या लढ्यांत आदिवासी आणि कुणबी ज्या संख्येने उतरले, तेवढे मिठासाठी उतरले नव्हते. त्यांचं रोजचं जगणं जंगलाशी बांधलेलं होतं.

स्वातंत्र्यानंतर मात्र इंग्रजांचा 1927 चा वनकायदा तसाच राहिला, गवताचा मालकही सरकारच राहिलं. 2006 मध्ये वनहक्क कायदा आला. तो आल्यावर अमरावती जिल्ह्यात, मेळघाटच्या पायथ्याशी असलेल्या पायविहीर या गावाने 2012 मध्ये 193 हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळवला. उजाड टेकडीवर गावाने झाडं राखली, चराई आवरली, गवत वाढवलं. 2014 मध्ये गावाला जैवविविधतेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि त्या जंगलातली सीताफळं गावकरी मुंबईत नेऊन स्वतःच्या नावाने विकू लागले.