गाविलगडच्या डोंगरांतील सहल आणि कोरकू गाव : एक ऐतिहासिक विचार

वऱ्हाडच्या उत्तर सीमेवर सातपुड्याची जी रांग गाविलगडचे डोंगर या नावाने ओळखली जाते, तिच्या दर्शनासाठी अमरावती व अकोला येथून निघणाऱ्या सहलींचा क्रम आता जवळजवळ ठरून गेला आहे. अमरावतीकडील मंडळी परतवाड्यावरून घाट चढून चिखलदऱ्यास येतात. देवी पॉइंट, भीमकुंड, पंचबोल व गाविलगडचा किल्ला पाहून दुसऱ्या दिवशी सेमाडोह व कोलकासच्या जंगलात उतरतात. अकोल्याकडील मंडळी अकोटवरून शहानूरमार्गे नरनाळ्यावर जातात. बरोबर एखादा वाटाड्या असतो आणि परतीच्या वाटेवर एखादे कोरकू गाव पाहिले जाते. दोन दिवसांत डोंगर, वन्य पशू, किल्ला आणि आदिवासी वस्ती अशा चार गोष्टी एका मालिकेत पाहावयास मिळतात.

या मालिकेतून प्रवाशाच्या मनात एक समज सहज रुजतो. किल्ल्याला इतिहास आहे, कारण त्याच्या दरवाजावर शिलालेख आहे. जंगल व गाव यांना मात्र इतिहास नाही, ती दोन्ही अनादि काळापासून अशीच आहेत, असा तो समज होय. वस्तुस्थिती याच्या पुष्कळशी उलट आहे. प्रवासी ज्या रस्त्याने येतो तो रस्ता, ज्या जंगलातून जातो ते जंगल आणि ज्या गावापाशी थांबतो ते गाव, या तिन्हींना आजचे रूप बव्हंशी गेल्या दोन शतकांत आणि बव्हंशी एकाच प्रक्रियेतून आलेले आहे. ती प्रक्रिया ध्यानात घेतल्याखेरीज मेळघाटात जे दिसते त्याचा अर्थ लागणे कठीण आहे.

मैदानातील लोकांचे या डोंगरांत येणे पुष्कळ जुने आहे. फिरिश्त्याच्या कथनानुसार अहमदशहा बहमनीने १४२५ मध्ये गाविलगड बांधला व त्याच सुमारास नरनाळ्याची दुरुस्ती केली. नरनाळ्याचा महाकाली दरवाजा पंधराव्या शतकाच्या अखेरीस फतहुल्ला इमादुल्मुल्क याने उभारला. पुढे तोच वऱ्हाडच्या इमादशाहीचा संस्थापक झाला. अकबराच्या काळी ‘आईन-इ-अकबरी’ने वऱ्हाड सुभ्याच्या सरकारांत गाविल व नरनाळा यांची गणना केली आहे. राज्यकर्त्यांच्या या वाटांखेरीज दोन वाटा आणखी होत्या. एक यात्रेकरूंची : मुक्तागिरीचे जैन क्षेत्र, पायथ्याचे बहिरम आणि अकोटच्या उत्तरेस डोंगरातील धारगडचा महादेव ही स्थाने मैदानातील भाविकांना परिचित होती. दुसरी बाजारहाटाची : मध, मोहफुले, चारोळी व लाकूड घेऊन डोंगरातील माणूस अचलपूर, अंजनगाव व अकोट येथील बाजारांत उतरत असे आणि मीठ व कापड घेऊन परतत असे. सारांश, डोंगर व मैदान यांचा व्यवहार अखंड चालू होता. परंतु डोंगर ‘पाहावयास’ कोणी जात नसे.

या स्थितीत पहिला मोठा बदल लष्करी मोहिमेने घडविला. २९ नोव्हेंबर १८०३ रोजी सांप्रतच्या अकोला जिल्ह्यातील अडगावच्या लढाईत नागपूरकर भोसल्यांच्या फौजेचा पराभव झाल्यावर आर्थर वेलस्ली याने गाविलगडाकडे मोर्चा वळविला. किल्ल्यावर हल्ला करण्यास उत्तरेकडील बाजू अनुकूल होती. म्हणून कर्नल स्टीव्हन्सनच्या तुकडीने जड तोफा डोंगरातून ओढून लबाडा या गावापर्यंत नेल्या, आणि त्यासाठी रस्ता सैनिकांनाच पाडावा लागला. १५ डिसेंबर रोजी किल्ला पडला, किल्लेदार बेनीसिंग मारला गेला आणि दोनच दिवसांनी देवगावचा तह झाला. या मोहिमेच्या कागदपत्रांत तोफा, अंतरे व चढ यांचा तपशील आहे. ज्या मुलखातून वाट काढली त्यातील रहिवाशांविषयी मात्र फारसे काही नाही. वर्णन रस्त्याचे व्हावे आणि रस्त्याकाठच्या माणसांचे होऊ नये, ही पुढे दीर्घकाळ टिकलेली रीत येथेच आढळते.

हैदराबादच्या सैन्यातील कॅप्टन रॉबिन्सन याने १८२३ मध्ये चिखलदऱ्याचा ‘शोध’ लावला असे सांगण्यात येते. हा शब्द विचार करण्याजोगा आहे. ज्या पठाराच्या शेजारी चार शतके नांदता किल्ला होता, ज्याचे नाव लोककथेने कीचकवधाशी जोडले होते, त्याचा शोध म्हणजे समुद्रसपाटीपासून सुमारे ११०० मीटर उंचीवरील थंड हवेचा शोध होय. अचलपूरच्या छावणीतील अधिकाऱ्यांना उन्हाळ्यात निवाऱ्याची गरज होती. ती गरज चिखलदऱ्याने भागविली. १८५३ च्या तहाने वऱ्हाडचा कारभार निजामाकडून इंग्रजांकडे आल्यावर तेथे बंगले, बागा व पुढे कॉफीचे मळेही आले. ‘पॉइंट’ हा शब्द वऱ्हाडी बोलीत रूढ झाला तो याच काळाचा अवशेष होय. विशिष्ट जागी उभे राहून दरीकडे पाहावयाचे, ही कल्पनाच त्या वसाहतीबरोबर आली.

या नव्या दृष्टीला वाङ्मयाचीही जोड मिळाली. ए. सी. लायल याने संपादिलेले वऱ्हाडचे गॅझेटियर १८७० मध्ये प्रसिद्ध झाले. पुढच्याच वर्षी शेजारच्या मध्य प्रांतातील वनाधिकारी जेम्स फॉर्सिथ याचा मध्य हिंदुस्थानातील डोंगराळ प्रदेशावरील ग्रंथ निघाला. त्याच्या उपशीर्षकात वने, रानटी जमाती, निसर्गेतिहास व शिकार हे चार विषय एका ओळीत मांडले आहेत. आजच्या सहलीच्या कार्यक्रमाशी ही यादी ताडून पाहिली असता शिकारीच्या जागी सफारी आली एवढाच काय तो फरक आढळतो. फॉर्सिथची निरीक्षणशक्ती सूक्ष्म होती यात शंका नाही. कोरकूंच्या शेतीचे त्याने केलेले वर्णन आजही उपयुक्त आहे. परंतु हे वर्णन ज्या अधिकाऱ्यांच्या वर्गाने केले, तोच वर्ग त्या शेतीचा अंत घडवून आणीत होता, हे विसरता येत नाही.

ती शेती म्हणजे दहिया. उतारावरील झाडोरा तोडून जाळावयाचा, राखेत कोदो-कुटकीसारखे धान्य पेरावयाचे, आणि दोन-तीन वर्षांनी ती जागा पुन्हा जंगलाला सोडून पुढे सरकावयाचे, अशी तिची पद्धत होती. या पद्धतीत गावाची जागा कायमची नसे. १८६० नंतरच्या दशकात रेल्वे वऱ्हाडातून नागपूरपर्यंत पोहोचली व सागवानाची मागणी वाढली. त्याच दशकात मेळघाटातील जंगल राखीव करण्यास आरंभ झाला. १८८६ च्या वऱ्हाड वन कायद्याने या व्यवस्थेस पक्के कायदेशीर रूप दिले. राखीव जंगलात दहियाला स्थान राहिले नाही. परंतु झाडे तोडण्यास, रस्ते बांधण्यास व वणव्यापासून संरक्षणासाठी जाळरेषा काढण्यास मजूर तर हवे होते. म्हणून काही कुटुंबांना नांगरटीपुरती जमीन देऊन, वनखात्याचे काम करण्याच्या अटीवर, जंगलात ठरावीक ठिकाणी वसविण्यात आले. हीच वनग्रामे होत. तेथील रहिवासी महसुली गावातील शेतकऱ्याप्रमाणे जमिनीचा धारक नव्हता; त्याचे राहणे खात्याच्या परवानगीवर अवलंबून होते.

प्रवाशाला रस्त्याच्या कडेला जे ‘प्राचीन’ गाव दिसते, ते अनेकदा या व्यवस्थेचे अपत्य असते. त्यात जुने असे काहीच नाही, असा मात्र याचा अर्थ नव्हे. समोरासमोर दोन रांगांत बांधलेली घरे, गावचा पटेल, पूजाअर्चा करणारा भुमका, दुखण्याखुपण्यास पाहणारा पडिहार आणि होळीच्या सणाचे महत्त्व या गोष्टी कोरकू समाजाने नव्या जागीही जपल्या. मृताच्या अखेरच्या विधीस सिडोली म्हणतात. त्या वेळी कोरीव लाकडी स्तंभ उभारण्यात येतो, त्यास मुंडा असे नाव आहे. ज्या समाजाने लिखित कागद मागे ठेवले नाहीत त्याचे हे स्मारकलेखच आहेत. गाविलगडच्या शिलालेखांचे ठसे घेणाऱ्या अभ्यासकाने मुंड्याकडे केवळ शोभेची वस्तू म्हणून पाहावे, हे शास्त्रीय वृत्तीला धरून होणार नाही.

भाषेचा पुरावा याहूनही महत्त्वाचा आहे. कोरकू ही मुंडा कुलातील सर्वांत पश्चिमेकडील भाषा होय. संथाळी व मुंडारी या तिच्या भगिनीभाषा शेकडो कोस पूर्वेस छोटा नागपुराकडे बोलल्या जातात. ग्रिअर्सनने भाषासर्वेक्षणाच्या १९०६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चौथ्या खंडात तिची नोंद केली. ‘कोरो’ म्हणजे माणूस व ‘कू’ हा अनेकवचनी प्रत्यय. तेव्हा कोरकू या नावाचा अर्थ ‘माणसे’ एवढाच आहे. कोलकासच्या विश्रामगृहाखालून वाहणारी सिपना नदी सर्व प्रवाशांना ठाऊक असते. कोरकू भाषेत सिपना म्हणजे साग, हे त्यांतील थोड्यांनाच ठाऊक असते. याच डोंगरांत राहणारे निहाल लोक आज कोरकू बोलतात. परंतु पश्चिमेस बुलढाणा जिल्ह्यातील जळगाव जामोदच्या परिसरात काही निहालांनी जपलेली निहाली भाषा कोणत्याही ज्ञात भाषाकुलात बसत नाही. कायपर या डच पंडिताने १९६२ मध्ये तिच्यावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. भारताच्या भाषिक इतिहासातील एक अतिशय अवघड प्रश्न अशा रीतीने वऱ्हाडच्या उंबरठ्यावर उभा आहे. आणि सहलीचा सारा संवाद मात्र मराठीत किंवा हिंदीत होतो.

स्वातंत्र्योत्तर काळात गावावरील बाह्य व्यवस्थेचा प्रभाव कमी झाला नाही. त्याचे स्वरूप बदलले. १९५६ च्या आदेशानुसार अमरावती जिल्ह्यात कोरकूंना अनुसूचित जमातीचा दर्जा होता तो मेळघाट तालुक्यापुरता. घाट उतरून अकोटकडे स्थायिक झालेला कोरकू कागदोपत्री आदिवासी राहत नसे. हे क्षेत्रबंधन १९७६ च्या कायद्याने उठले. आदिवासी म्हणजे डोंगराच्या देखाव्याचाच एक भाग, ही प्रवाशाची समजूत शासनाच्या यादीतही वीस वर्षे नांदली, असे म्हणावयास हरकत नाही.

१९७४ मध्ये मेळघाट हा देशातील पहिल्या नऊ व्याघ्र प्रकल्पांपैकी एक झाला आणि जंगलाचा मुख्य हेतू सागवानाऐवजी वाघ हा ठरला. ज्या वनग्रामांना लाकूडतोडीसाठी वसविले होते, त्यांचे तेथील वास्तव्य आता अडचणीचे मानले जाऊ लागले. बोरी, कोहा व कुंड ही गावे या शतकाच्या प्रारंभी उठविण्यात आली; त्यानंतर धारगड, गुल्लरघाट, केलपाणी, सोमठाणा इत्यादी गावांचे अकोला जिल्ह्याच्या मैदानी भागात पुनर्वसन झाले. जानेवारी २०१९ मध्ये पुनर्वसित लोकांपैकी काही जण, सोयी मिळाल्या नाहीत अशी तक्रार करीत, आपल्या जुन्या गावठाणावर परतले व तेथे वनकर्मचाऱ्यांशी त्यांचा संघर्ष झाला. या प्रश्नाला दोन बाजू आहेत. शाळा, दवाखाना व रस्ता यांसाठी स्वेच्छेने खाली उतरलेली कुटुंबे आहेत, आणि उजाड गावठाणांवर उगवलेल्या कुरणांत वन्य पशूंचा वावर वाढतो हेही खरे आहे. तथापि धारगडचे उदाहरण बोलके आहे. तेथील गाव उठले, श्रावणातील महादेवाची यात्रा मात्र चालू राहिली. मैदानातील यात्रेकरूची वाट टिकली. त्या वाटेवरील रहिवाशाची टिकली नाही.

२००६ च्या वनहक्क कायद्याने या इतिहासाला वेगळे वळण देण्याची शक्यता निर्माण केली. डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या पायविहीर या गावाने सामूहिक वनहक्क मिळविले, ओसाड टेकड्यांवर पुन्हा झाडोरा आणला, आणि २०१४ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमाकडून जैवविविधतेसाठीचा पुरस्कार मिळविला. दीडशे वर्षांच्या वनव्यवस्थेत गावकरी प्रथम जंगलाचा शत्रू, नंतर त्यातील मजूर व पुढे अडथळा मानला गेला. पायविहीरने त्याला रक्षक म्हणून सिद्ध केले. एका गावाच्या अनुभवावरून सर्वत्र लागू होणारा सिद्धान्त काढता येणार नाही. परंतु गाव व जंगल यांत मूलतः विरोध आहे हे गृहीतक त्यामुळे डळमळीत होते, एवढे निश्चित.

वरील विवेचनाचा अभ्यासकाच्या दृष्टीने निष्कर्ष असा की, मेळघाटची सहल हे निव्वळ मनोरंजन नसून एक ऐतिहासिक साधन आहे. लष्करी वृत्तान्त, गॅझेटियर, शिकाऱ्यांची पुस्तके, वनखात्याचे अहवाल आणि आजच्या प्रवासवर्णनांची मालिका लावून पाहिल्यास कोणत्या पिढीला काय दिसले व काय दिसले नाही, याचा आलेख काढता येतो. त्या सर्वांत एक व्यक्ती सातत्याने हजर आहे, ती म्हणजे वाटाड्या. त्याच्याविना कोणताही साहेब त्या जंगलातून पार पडला नसता. तरी नोंदींत त्याचे नाव क्वचितच सापडते. आज शहानूर किंवा सेमाडोहच्या फाटकावर भेटणारा कोरकू तरुण त्याच परंपरेतील आहे. कोणत्या ओढ्याचे कोरकू नाव काय, आजोबांचे गाव पूर्वी कोणत्या टेकडीवर होते, कोणत्या साली व कोणाच्या हुकुमाने ते हलले, कोणाचा मुंडा कोठे उभा आहे, हे त्याच्या घरातील वडीलधाऱ्यांना ठाऊक असते. गावे उठत आहेत आणि ती माहिती असलेली पिढी वृद्ध होत आहे. किल्ल्याच्या दरवाजावरील अक्षरे पाच शतके टिकली, ती आणखी काही काळ वाट पाहू शकतील. उठलेल्या गावाची आठवण तितकी वाट पाहू शकत नाही, आणि वऱ्हाडच्या इतिहासाचे तेच पान अद्याप बव्हंशी कोरे राहिले आहे.