चेरी ऑर्चर्ड, द (दूरचित्रवाणी-नाट्य)

श्रेष्ठ रशियन नाटककार अंतॉन चेकॉव्ह (१८६०–१९०४) ह्याच्या अखेरच्या नाटकाचे बीबीसीने ऑक्टोबर १९८१ मध्ये प्रक्षेपित केलेले रूपांतर. दिग्दर्शक रिचर्ड एअर. इंग्रजी संहिता ट्रेव्हर ग्रिफिथ्स ह्या डाव्या विचारसरणीच्या नाटककाराची असून, एअरनेच ती १९७७ मध्ये नॉटिंगहॅम प्लेहाउसच्या रंगमंचावर आणली होती.

मूळ नाटकाचा पहिला प्रयोग मॉस्को आर्ट थिएटरने जानेवारी १९०४ मध्ये केला. कर्जापायी लिलावात निघालेली जमीनदार घराण्याची मालमत्ता आणि ती विकत घेणारा लोपाखिन हा त्याच घराण्याच्या भूदासांचा वंशज, असा त्याचा कथाविषय. चेकॉव्ह ह्या नाटकास सुखात्मिका म्हणे. स्तानिस्लाव्हस्कीने मात्र ते शोकात्मिका मानून बसविले. इंग्रजी रंगभूमीवरही लयास चाललेल्या वैभवाविषयी हळहळण्याचीच रीत बराच काळ रूढ होती. ग्रिफिथ्सने ती नाकारली. त्याने लोपाखिन व विद्यार्थी त्रोफीमोव्ह ह्या दोघांच्या बोलण्यास गांभीर्य दिले. त्रोफीमोव्हच्या भाषणांतील मजुरांच्या हलाखीचा आणि माणसांवरील मालकीहक्काने मालकांच्याच झालेल्या नैतिक हानीचा असे दोन उतारे १९०४ मध्ये झारशाहीच्या अभ्यवेक्षकाने गाळावयास लावले होते, हे येथे ध्यानात घेण्याजोगे आहे.

दूरचित्रवाणीस हे नाटक सोपे नाही. त्यातील पात्रे एकमेकांचे क्वचितच ऐकतात. त्यामुळे बोलणाऱ्याइतकेच न ऐकणाऱ्याला महत्त्व असते. ‘बाग मी घेतली’ असे लोपाखिन सांगतो, तेव्हा रंगमंचावर तो आणि मालकीण रानेव्हस्काया हे दोघेही एकाच वेळी प्रेक्षकाच्या दृष्टीसमोर असतात. समीपदृश्यात कॅमेऱ्याला एकाची निवड करावी लागते आणि त्या निवडीबरोबर सहानुभूतीचा तोलही ढळतो. ध्वनीची गोष्ट वेगळी. तुटलेल्या तारेचा नाद आणि शेवटी झाडांवर पडणारे कुऱ्हाडीचे घाव हे चेकॉव्हने केवळ श्रवणासाठीच योजले आहेत. ते पडद्यावर दाखविण्याचा मोह टाळणेच इष्ट.

ह्या रूपांतरात रानेव्हस्कायाची भूमिका जूडी डेंच हिने, तर लोपाखिनची बिल पॅटरसन ह्याने केली. मीशेल सँ-दनी ह्याने रॉयल शेक्सपिअर कंपनीसाठी १९६१ मध्ये बसविलेला प्रयोगही बीबीसीने १९६२ मध्ये दाखविला होता. त्यात पेगी ॲशक्रॉफ्ट रानेव्हस्काया आणि जॉन गिलगुड तिचा भाऊ गायेव्ह होता. जूडी डेंच त्या वेळी रानेव्हस्कायाची मुलगी आन्या झाली होती.