टेव्ज, मिरियम
टेव्ज, मिरियम : (२१ मे १९६४ – ). इंग्रजीत लिहिणारी कॅनेडियन कादंबरीकर्त्री. जन्म मॅनिटोबा प्रांतातील स्टाइनबाख या मेनोनाइट वस्तीच्या गावी (पहा : मेनोनाइट पंथ). पहिली कादंबरी १९९६ मध्ये प्रसिद्ध झाली. ए कॉम्प्लिकेटेड काइन्डनेस (२००४) या कादंबरीस गव्हर्नर जनरल पुरस्कार लाभला. पंथाच्या कडक शिस्तीत वाढणारी सोळा वर्षांची नोमी तिची निवेदिका आहे. टेव्ज यांनी आपल्या वडिलांच्या आत्महत्येनंतर त्यांच्याच मुखातून सांगितलेले स्विंग लो (२०००) आणि दोन बहिणींवरील ऑल माय प्युनी सॉरोज (२०१४) यांत मनोविकार व मृत्यू हे विषय येतात. तरीही निवेदनातला मिस्कीलपणा सुटत नाही. विमेन टॉकिंग (२०१८) या कादंबरीला बोलिव्हियातील मेनोनाइट वसाहतीत स्त्रियांना गुंगी देऊन केलेल्या अत्याचारांचा आधार आहे. गवताच्या माळ्यावर जमलेल्या स्त्रिया गप्प बसावे, लढावे की निघून जावे, याचा खल करतात. त्यांना लिहितावाचता येत नसल्याने इतिवृत्त एक पुरुष लिहितो, आणि कादंबरी म्हणजे तेच इतिवृत्त. तीवरील सारा पॉली दिग्दर्शित चित्रपटास (२०२२) आधारित पटकथेचे ऑस्कर मिळाले. कार्लोस रेगादास यांच्या सायलेंट लाइट (२००७) या चित्रपटात टेव्ज यांनी भूमिकाही केली. (पहा : कॅनेडियन साहित्य).